गोळ्यांच्या आधी मांड्यांकडे बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे: वय ६४, बँकेतून निवृत्त. उंची ५ फूट ६ इंच, वजन दीड वर्षात ६९ वरून ६१ किलोवर आणलं. मधुमेह आहे, त्यासाठी मेटफॉर्मिन आणि ग्लिमेपिराइड चालू. शाकाहारी, पण अंडं चालतं. रोज सकाळी तासभर चालणं. जेवण दिवसातून दोनदाच, मधले सोळा तास पाण्याशिवाय काही नाही. मुलगा अमेरिकेतून एनएमएनच्या (तारुण्य टिकवतं म्हणून विकल्या जाणाऱ्या एका पूरक पदार्थाच्या) कॅप्सूल पाठवतो. रापामायसिनबद्दल वाचलंय, ते घ्यावं का? रक्तावरून 'जैविक वय' सांगणारी तपासणी करावी का? दीर्घायुष्यासाठी आणखी काय करता येईल? आणि शेवटी एक ओळ: पत्नी ६१ वर्षांची आहे, गुडघे दुखतात म्हणून ती फारशी हालचाल करत नाही.

तुम्ही विचारलंय गोळ्यांबद्दल, पण मी थांबलो तो दीड वर्षातल्या आठ किलोंवर. तुम्ही तो आकडा कमाई म्हणून लिहिलाय. शुगर सुधारली असेल, पोट आत गेलं असेल, ते चांगलंच झालं. पण त्या आठ किलोंत चरबी किती आणि स्नायू किती गेले, हे तुम्हाला कुणी सांगितलेलं नाही. साठीनंतर नुसतं कमी खाऊन वजन उतरवलं, तर त्यात स्नायूंचा वाटा बऱ्यापैकी असतो. पुढे वजन परत वाढलं, तर बहुतेक चरबीच परत येते. तुमचा चालू कार्यक्रम, म्हणजे उपास, दोन वेळचं मोजकं जेवण आणि फक्त चालणं, हा स्नायू टिकवणारा नाही. म्हणून या उत्तराचा मोठा भाग पायांवर आहे. गोळ्यांचं आधी उरकतो.

एक गोष्ट आधी स्पष्ट करतो. माणसाचं वय वाढणं मंद करतं असं सिद्ध झालेलं एकही औषध आज बाजारात नाही. प्रयोगशाळेत काम मात्र खरं आणि दमदार चाललंय. २०१३ मध्ये शास्त्रज्ञांनी वार्धक्याची नऊ लक्षणं एकत्र मांडली होती: डीएनएची मोडतोड, गुणसूत्रांची टोकं झिजणं, पेशीतल्या मायटोकाँड्रियाचा बिघाड, विभाजन थांबूनही न मरता आजूबाजूला दाह पसरवणाऱ्या पेशी, वगैरे. २०२३ मध्ये ती यादी बारावर गेली. पेशी स्वतःचा कचरा कसा मोडून वापरतात, याच्या शोधाबद्दल योशिनोरी ओसुमी यांना २०१६ चं नोबेल मिळालं. हे सगळं पाठ्यपुस्तकात गेलेलं विज्ञान आहे. अडचण पुढच्या टप्प्याची आहे. उंदीर दोन-तीन वर्षं जगतो, म्हणून त्याच्यावर औषधाचा परिणाम पूर्ण आयुष्यभर बघता येतो. माणसाच्या बाबतीत तेवढा धीर कुणाकडे नाही आणि तेवढा पैसाही नाही.

रापामायसिनचंच घ्या. १९६४ मध्ये कॅनडाची एक वैद्यकीय मोहीम ईस्टर बेटावर गेली होती. तिथून आणलेल्या मातीतल्या जिवाणूपासून सुरेंद्रनाथ सहगल या भारतीय वंशाच्या शास्त्रज्ञाने आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी माँट्रियलच्या प्रयोगशाळेत हे औषध वेगळं काढलं. बेटाचं स्थानिक नाव रापा नुई, त्यावरून औषधाचं नाव पडलं. मूत्रपिंड बदललेल्या रुग्णांना ते आजही देतात, शरीराने नवं मूत्रपिंड झिडकारू नये म्हणून. २००९ मध्ये अमेरिकेतल्या तीन प्रयोगशाळांनी एकाच वेळी केलेल्या प्रयोगात ६०० दिवस वयाच्या, म्हणजे आपल्या हिशेबाने साठीच्या आसपासच्या उंदरांना ते दिलं. माद्यांचं कमाल आयुष्य १४ टक्के आणि नरांचं ९ टक्के वाढलं. म्हातारपणी सुरू करूनही आयुष्य वाढलं, म्हणून त्या निकालाचा गाजावाजा झाला, आणि तो रास्त होता.

मग तुम्ही का घेऊ नये? एक तर तुम्हाला मधुमेह आहे, आणि हे औषध रक्तातली साखर आणि रक्तातली चरबी दोन्ही वाढवू शकतं. तोंडात फोड येणं, जखम लवकर न भरणं, संसर्ग होणं हे त्याचे माहितीतले त्रास आहेत. दुसरं म्हणजे रापामायसिन ज्या यंत्रणेला दाबतं, तिला एमटॉर म्हणतात. जेवणातल्या प्रथिनांमुळे हीच यंत्रणा जागी होते आणि स्नायू बांधायला घेते. ज्याचे स्नायू आधीच उतरलेत त्याने पूर्ण अभ्यास होण्याआधी तिच्याशी खेळू नये. याच यंत्रणेला दाबणाऱ्या एका औषधाने २०१४ मध्ये ज्येष्ठांचा फ्लूच्या लसीला मिळणारा प्रतिसाद सुधारला होता. त्याच जातीच्या दुसऱ्या औषधाची मोठी चाचणी मात्र २०१९ मध्ये फसली. असं हे एक पाऊल पुढे, एक मागे चाललेलं क्षेत्र आहे. त्यात आपण होऊन उंदीर व्हायची गरज नाही.

एनएमएन शरीरात एनएडी नावाच्या रेणूची पातळी वाढवतं. हा रेणू पेशींच्या ऊर्जेच्या कारभारात लागतो आणि वयाबरोबर कमी होतो. कॅप्सूलने रक्तातली पातळी वाढते, इथवर खरं आहे. २०२१ मध्ये सेंट लुईसला मधुमेहाच्या उंबरठ्यावरच्या २५ स्त्रियांवर दहा आठवड्यांची चाचणी झाली. स्नायूंचा इन्सुलिनला प्रतिसाद सुधारला, पण ताकद वाढली नाही, वजन-चरबीही हलली नाही. त्याच घराण्यातला दुसरा पदार्थ, निकोटिनामाइड रिबोसाइड, रापामायसिन तपासणाऱ्या त्याच प्रयोगशाळांनी उंदरांना देऊन बघितला. त्याने आयुष्य वाढलं नाही. लाल द्राक्षांमधल्या, आयुष्य वाढवतो म्हणून गाजलेल्या रेझव्हेराट्रॉलची कथा आठवत असेल. २००८ मध्ये एका बड्या औषध कंपनीने त्यावर काम करणारी छोटी कंपनी ७२ कोटी डॉलरना विकत घेतली आणि पाच वर्षांत तिला टाळं लावलं. मुलगा प्रेमाने पाठवतोय, आलेली बाटली संपवायची तर संपवा. पुढच्या वेळी मात्र त्याला पाठवायला काय सांगायचं, ते खाली येईलच.

मेटफॉर्मिन तुम्ही घेताच आहात, आणि मधुमेहासाठी ते उत्तम, स्वस्त, जुनं औषध आहे. ते वार्धक्यही लांबवतं असं बोललं जातं, त्याचा पाया कच्चा आहे. २०१४ च्या ब्रिटिश अभ्यासात मेटफॉर्मिन घेणारे मधुमेही हे मधुमेह नसलेल्या लोकांपेक्षाही जास्त जगताना दिसले. नंतर डेन्मार्कच्या नोंदींमध्ये तसं आढळलं नाही. याचा निकाल लावण्यासाठी ६५ ते ७९ वयाच्या ३,००० लोकांवर मोठी चाचणी आखली गेली, पण पेटंट संपलेल्या औषधावर पैसे कोण लावणार? ती वर्षानुवर्षं रखडली. तुमच्या कामाची गोष्ट वेगळीच आहे. २०१९ मध्ये ६५ च्या पुढच्या, मधुमेह नसलेल्या लोकांना १४ आठवडे वजनांचा व्यायाम दिला. अर्ध्यांना मेटफॉर्मिन, अर्ध्यांना खोटी गोळी. मेटफॉर्मिनवाल्यांचे स्नायू कमी वाढले. यावरून तुम्ही गोळी थांबवू नका. तुम्हाला शुगरसाठी ती हवीच आहे. पण मधुमेह नसलेले तुमचे मित्र 'दीर्घायुष्यासाठी' ती मागत असतील, तर हा निकाल त्यांना जरूर सांगा.

जैविक वयाची तपासणी म्हणजे डीएनएवर बसलेल्या मिथाइल नावाच्या रासायनिक खुणा मोजून काढलेलं वय. स्टीव्ह होर्व्हाथ यांनी २०१३ मध्ये अशा ३५३ जागांवरून पहिलं सर्वसमावेशक 'घड्याळ' बनवलं. हजारो लोकांच्या अभ्यासात ते उपयोगी पडतं. एकट्या माणसाच्या हातात मात्र त्या अहवालाने काही पडत नाही. वेगवेगळी घड्याळं वेगवेगळं वय दाखवतात, आणि ५९ आलं काय नि ६७ आलं काय, मी तुम्हाला सांगणार तेच आहे. ते पैसे वाचवा.

आता उपास. हा प्रश्न नाजूक आहे, कारण आपल्याकडे दोनदाच जेवण्याची पद्धत घराघरांत पोचली आहे आणि अनेकांना तिचा फायदाही झालाय. चाळिशीतल्या, पोट सुटलेल्या, दिवसभर काहीबाही चरणाऱ्या माणसाला ती मानवते. तुम्ही त्या गटात आता नाही.

कमी खाऊन आयुष्य वाढतं हे १९३५ मध्ये क्लाइव्ह मॅके यांनी उंदरांमध्ये दाखवलं. पुढे अमेरिकेत ऱ्हीसस माकडांवर दोन स्वतंत्र प्रयोग दशकानुदशकं चालले. विस्कॉन्सिनच्या माकडांना फायदा झाला. राष्ट्रीय वार्धक्य संस्थेच्या माकडांचं आयुष्य २०१२ च्या अहवालानुसार वाढलं नाही. फरक कुठे होता, ते बघण्यासारखं आहे. विस्कॉन्सिनमध्ये तुलनेसाठी ठेवलेल्या माकडांना साखर भरपूर असलेलं खाणं हवं तेवढं मिळायचं. राष्ट्रीय वार्धक्य संस्थेत तुलनेच्या माकडांचंही खाणं बेताचं आणि साधं होतं. म्हणजे अति खाणाऱ्याने कमी केलं तर फायदा, आणि बेताने खाणाऱ्याने आणखी कमी केलं तर फारसा नाही, असा त्याचा सरळ अर्थ लागतो. माणसांवरच्या दोन वर्षांच्या चाचणीत निरोगी, लठ्ठ नसलेल्या लोकांना २५ टक्के कमी खायला सांगितलं होतं. त्यांना जमलं १२ टक्क्यांच्या आसपास. रक्तातले अनेक निर्देशांक सुधारले, पण खुब्याची आणि मणक्याची हाडं थोडी विरळ झाली. ते लोक होते २१ ते ५० वयाचे. तुम्ही ६४ चे आहात.

आणि सगळ्यात तातडीचं: ग्लिमेपिराइड घेऊन सोळा तास उपाशी राहू नका. हे औषध तुम्ही जेवलात की नाही ते बघत नाही, ते इन्सुलिन बाहेर काढतच राहतं. मेटफॉर्मिन एकटं असतं तर शुगर धोकादायक उतरण्याची शक्यता फार कमी होती. ग्लिमेपिराइडने ती उतरते. पहाटे घाम, थरथर, गोंधळल्यासारखं होणं असं कधी झालंय का, आठवून बघा. या वयात शुगर उतरून बाथरूममध्ये पडलं, तर खुब्याचं हाड मोडतं, आणि त्यानंतरचं आयुष्य पूर्वीसारखं राहीलच असं नसतं. या आठवड्यातच तुमच्या डॉक्टरांना भेटून सांगा, की वजन आठ किलो उतरलंय आणि मी असा असा जेवतो. बहुधा ते ग्लिमेपिराइड कमी करतील किंवा बदलतील. स्वतःहून बंद करू नका. वजन अजूनही आपोआप उतरत असेल तर तेही सांगा. नेहमीचं खाऊनही उतरणारं वजन ही तपासायची गोष्ट असते, कौतुकाची नाही.

आता पाय. आपली भारतीय शरीरं मुळात स्नायूंना कमी आणि चरबीला जास्त अशी असतात. हे जगाला दाखवून देणारं काम पुण्यात झालंय. केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या सहा गावांतल्या गरोदर स्त्रिया आणि त्यांची मुलं यांचा अभ्यास केला. तिथली बाळं जन्मतः सरासरी २.७ किलोची, इंग्लंडच्या साउदॅम्प्टनची ३.५ किलोची. पण एवढ्या लहान बाळांमध्येही चरबी त्या मानाने राखलेली, आणि स्नायू मात्र तोकडे. २००४ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात त्यांचा आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांचा शेजारी-शेजारी फोटो छापून आला. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजन सांगणारा आकडा, अगदी सारखा, २२.३. युडकिन यांच्या अंगात चरबी ९.१ टक्के, याज्ञिकांच्या अंगात २१.२ टक्के. तुमचा बीएमआय आज २१.७ भरतो. तक्त्यात तो झकास दिसतो. आत काय आहे ते तक्ता सांगत नाही.

स्नायू हा काही पैलवानांपुरता विषय नाही. जेवणानंतर रक्तातली साखर सर्वात जास्त तेच उचलतात, त्यामुळे स्नायू गेले की मधुमेह आवरणं अवघड होतं. आजारपणात शरीर प्रथिनं काढतं ती याच साठ्यातून, आणि पाय अडखळला तर सावरतात तेही हेच. भारतासह १७ देशांतल्या सुमारे १ लाख ४० हजार लोकांच्या अभ्यासात हाताच्या पकडीची ताकद दर ५ किलोंनी कमी असेल, तर मृत्यूचा धोका १६ टक्के जास्त आढळला होता. पकड आवळण्याचा व्यायाम करून आयुष्य वाढेल असा याचा अर्थ नाही. पकड म्हणजे सगळ्या शरीराच्या ताकदीचा नमुना.

घरी तीन गोष्टी तपासा. बिनहाताच्या खुर्चीवर बसा, हात छातीशी घडी करा, आणि जमेल तितक्या लवकर पाच वेळा पूर्ण उठा-बसा. १२ सेकंद किंवा जास्त लागले तर आशियाई निकषांप्रमाणे ती धोक्याची खूण आहे. मग सहा मीटर अंतर आखून नेहमीच्या चालीने चाला. सहा सेकंदांपेक्षा जास्त लागू नयेत. आणि पोटरीचा सर्वात जाड भाग टेपने मोजा, पुरुषांना ३४ सेंटीमीटरच्या खाली आणि स्त्रियांना ३३ च्या खाली आला तर लक्ष द्यायचं. पाय सुजत असतील तर मात्र हे माप फसवतं. पत्नीचंही मोजा. माझ्याकडे येणारी बरीच मंडळी रोज पाच किलोमीटर चालतात आणि खुर्चीतून उठताना हातांवर जोर देतात. चालणं हृदयाला, मनाला, शुगरला चांगलं आहे, सोडू नका. पण सपाट रस्त्यावरच्या चालण्याने मांडीला पुरेसा भार पडत नाही, आणि भार पडल्याशिवाय स्नायू वाढत नाही.

'आता या वयात कुठे' हे मला रोज ऐकू येतं. १९९० मध्ये बॉस्टनला मारिया फियातारोन यांनी वृद्धाश्रमातल्या दहा अशक्त लोकांना पायांचा जड वजनांचा व्यायाम दिला. त्यांचं सरासरी वय ९० होतं. आठ आठवडे पूर्ण करणाऱ्या नऊ जणांची पायांची ताकद सरासरी १७४ टक्क्यांनी वाढली, म्हणजे जवळपास पावणेतीन पट झाली. तुम्ही तर त्यांच्या मुलांच्या वयाचे.

उलट दिशेचा पुरावाही ऐकून ठेवा, कारण घरोघरी 'आराम करा' हाच सल्ला मिळतो. १९६६ मध्ये डॅलसला विशीतल्या पाच तरुणांना तीन आठवडे अंथरुणावर झोपवून ठेवलं. तीस वर्षांनी त्याच पाच जणांना पुन्हा तपासलं, तेव्हा दिसलं की तीस वर्षांच्या वयाने त्यांच्या दमश्वासाची जेवढी हानी केली, त्यापेक्षा जास्त त्या तीन आठवड्यांनी केली होती. सरासरी ६७ वर्षांच्या निरोगी माणसांना दहाच दिवस झोपवलं, तर पायांचे जवळपास एक किलो स्नायू जातात हेही मोजलेलं आहे. म्हणून डेंग्यू होवो, मोतीबिंदूचं ऑपरेशन होवो, डॉक्टरांनी मनाई केली नसेल तर दिवसातून चार वेळा उठून घरात फिरायचं. साठीनंतर ताकद रोज थेंबाथेंबाने कमी होतेच, पण बऱ्याच जणांची ती एकेका आजारपणाच्या पायरीने घसरते, आणि घसरल्यावर पुन्हा वर चढवायला कुणी सांगतच नाही.

काय करायचं: आठवड्यातून तीन दिवस, एकाआड एक. मुख्य व्यायाम बैठका. गुडघे साथ देत असतील तर तालमीतल्या पूर्ण बैठका, नाहीतर खुर्चीवर टेकून उठायच्या. खाली सावकाश जा, वर झपकन या. झपकन उठणं महत्त्वाचं आहे, कारण पडताना सावरायला नुसती ताकद पुरत नाही, ती चटकन लागते. दहा बैठकांचा एक संच, असे तीन, मध्ये दीड-दोन मिनिटं विश्रांती. शेवटच्या दोन-तीन जड गेल्या पाहिजेत. सोप्या वाटायला लागल्या की पाठीवरच्या सॅकमध्ये दोन किलो तांदूळ, पुढे पाच. ही वाढ केली नाही तर बहुतेकांची गाडी महिन्याभरात अडते, आणि मग 'व्यायाम करून काही होत नाही' असं ठरतं. जोडीला भिंतीला हात टेकून दंड, ओट्याला धरून टाचा उचलणं, आणि रबरी पट्टा खिडकीच्या गजाला बांधून स्वतःकडे ओढणं. मुलाला पाठवायचंच असेल तर एनएमएनऐवजी चांगले रबरी पट्टे आणि बदलत्या वजनांचे डंबेल पाठवू दे. जवळच्या जिममध्ये ज्येष्ठांना नीट शिकवणारा कुणी असेल तर त्याहून उत्तम. श्वास कोंडून जोर लावू नका. छातीत दडपण, जबड्यात कळ, चक्कर असं काही आलं तर थांबा आणि हृदयाची तपासणी करून घ्या. मधुमेह असल्यामुळे सुरू करण्याआधी डोळ्यांचा पडदाही दाखवून ठेवा. पडद्यावर नव्या नाजूक रक्तवाहिन्या उगवलेल्या असतील तर जड वजन थोडं थांबवावं लागतं.

रोज दात घासताना ओट्याशी एका पायावर उभं राहायचं. आणि एक गोष्ट आपल्याच घरातून हद्दपार झालेली: जमिनीवर बसणं. पाट गेले, डायनिंग टेबल आलं, भारतीय पद्धतीचा संडास गेला, कमोड आलं. दिवसातून दहा-बारा वेळा नकळत होणाऱ्या बैठका त्यांच्याबरोबर गेल्या. ब्राझीलमध्ये ५१ ते ८० वयाच्या दोन हजार लोकांना जमिनीवर बसून उठायला सांगून गुण दिले, तेव्हा कमी आधार घेऊन उठणारे पुढच्या वर्षांत कमी संख्येने दगावले. तुम्हाला जमत असेल तर निदान सकाळचा चहा-पेपर सतरंजीवर होऊ दे.

खाण्याचा हिशेब करू. नुसत्या व्यायामाने भागत नाही, वर माल लागतो. आपल्या राष्ट्रीय पोषण संस्थेचं सर्वसाधारण प्रमाण किलोमागे ०.८३ ग्रॅम प्रथिनं असं आहे. ज्येष्ठांसाठी तज्ज्ञ गट १ ते १.२ ग्रॅम सांगतात, कारण वय वाढल्यावर तेवढ्याच प्रथिनांना स्नायू कमी दाद देतात. म्हणजे तुम्हाला दिवसाला ६१ ते ७३ ग्रॅम. तुमचं ताट मांडून बघू: दुपारी तीन पोळ्यांचे ९, वाटीभर वरणाचे ५-६, थोडा भात, भाजी, ताक मिळून ७-८. रात्री त्याहून जरा कमी. दिवसभराचे चाळीसच्या आसपास, तेही हात सैल सोडून. तुम्हाला वाटतं आपण डाळ खातो म्हणजे झालं. वरण आपल्याकडे पातळ असतं हो.

भर कशी घालायची? सकाळी दोन अंडी, १२ ग्रॅम. मूठभर फुटाणे, ६. जेवणात ५० ग्रॅम पनीर किंवा घट्ट दही. आठवड्यातून तीन-चार दिवस कोरड्या ३० ग्रॅम सोयाबीन वड्यांची भाजी, १५ ग्रॅम. वरणाऐवजी मटकी-हरभऱ्याची घट्ट उसळ. हे दोन जेवणांत कोंबणं अवघड आहे, म्हणून न्याहारी परत आणा. सोळा तासांऐवजी रात्री आठ ते सकाळी आठ असे बारा तास पोटाला सुट्टी द्या, तेवढं पुरे. उपासाच्या दिवशी साबुदाणा खिचडी म्हणजे पिष्ट आणि तूप. एकादशी अन् दुप्पट खाशी करायचंच असेल तर ताक, दूध, शेंगदाणे, राजगिरा यांनी करा. प्रथिनं वाढवण्याआधी क्रिएटिनिन आणि लघवीतलं अल्ब्युमिन तपासून घ्या. मधुमेहात मूत्रपिंडं मुकाट बिघडलेली असू शकतात, आणि तसं असेल तर हे प्रमाण डॉक्टरांनी ठरवायचं.

त्याच वेळी बी-१२ बघा. पुण्यातल्या याज्ञिकांच्याच अभ्यासात मध्यमवयीन पुरुषांपैकी साधारण दोन तृतीयांश लोकांमध्ये ते कमी निघालं होतं. तुम्ही शाकाहारी, वर मेटफॉर्मिन, म्हणजे दोन्ही बाजूंनी मार. तळपायांना मुंग्या, अंधारात तोल जाणं, विसरभोळेपणा याला लोक 'वय झालं' म्हणतात आणि गोळी-इंजेक्शनने सुधारणारा आजार वर्षानुवर्षं अंगावर काढतात. याहून स्वस्तातलं वार्धक्यविरोधी औषध मला माहीत नाही.

रक्तदाब, कोलेस्टेरॉल, तंबाखू यांच्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, बहुधा ते कंटाळवाणं वाटलं असेल. आयुष्य खऱ्या अर्थाने वाढवणारी सिद्ध औषधं मात्र त्याच रांगेत आहेत. रक्तदाब बसून आणि मग उभं राहून एक ते तीन मिनिटांनी, असा दोन्ही वेळा मोजा. उभं राहिल्यावर वरचा आकडा २० ने उतरत असेल तर डॉक्टरांना सांगा. झोपेसाठी अल्प्राझोलामसारखी गोळी चालू असेल, तर तीही पडण्याचं मोठं कारण आहे. ती एकदम बंद न करता डॉक्टरांच्या देखरेखीखाली हळूहळू सोडायची. फ्लू आणि न्यूमोकोकसच्या (न्यूमोनिया करणाऱ्या जिवाणूच्या) लसी घ्या. नागिणीची लस आता आपल्याकडेही मिळते, महाग आहे. वेल्समध्ये जुन्या नागीण लसीच्या नोंदी तपासल्या, तेव्हा ती घेतलेल्यांमध्ये पुढच्या सात वर्षांत स्मृतिभ्रंश सुमारे २० टक्क्यांनी कमी दिसला. परवडत असेल तर माझं मत घ्यावी असं आहे. कमी ऐकू येत असेल तर यंत्र लावायला लाजू नका. स्मृतिभ्रंशाच्या टाळता येण्याजोग्या कारणांमध्ये बहिरेपण वरच्या क्रमांकावर आहे.

आता पत्नीबद्दल. तुम्ही त्यांना एक ओळ दिलीत, पण माझ्या मते या घरात जास्त धोका त्यांना आहे. स्त्रियांचे स्नायू मुळात कमी, पाळी गेल्यावर हाडं झपाट्याने विरळ होतात, आणि आयुष्य पुरुषांपेक्षा लांब, म्हणजे अशक्तपणात काढायची वर्षंही जास्त. शिवाय सगळ्यांचं झाल्यावर जेवायचं आणि उरलेलं वरण-भात संपवायचं, ही सवय अनेक घरांत अजून आहे. दोन अंडी तुमच्या ताटात आली तर दोन त्यांच्याही ताटात यायला हवीत, आणि त्यांना अंडं चालत नसेल तर पनीर, दही, सोया.

गुडघे दुखतात म्हणून हालचाल नको, हे उलटं आहे. झिजलेल्या गुडघ्याचा पहिला उपचार मांडीचा पुढचा स्नायू बळकट करणं हाच आहे. गोळ्या, इंजेक्शनं, ऑपरेशन त्यानंतर. त्यांना एकदम बैठका लावू नका. खुर्चीवर बसून पाय सरळ करायचा, पाच सेकंद धरायचा, सोडायचा. जमलं की घोट्याला अर्ध्या किलोची पट्टी. मग उंच खुर्चीवरून किंवा दोन उशा ठेवलेल्या खुर्चीवरून उठणं, आठवड्या-दोन आठवड्यांनी एकेक उशी काढायची. थोडं दुखेल, ते चालतं. दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत दुखणं पहिल्यासारखं खाली आलं नाही, किंवा गुडघा सुजला, तर पुढच्या वेळी निम्मं करायचं. पहिले काही आठवडे फिजिओथेरपिस्टकडे शिकून घेतलं तर पैसे सत्कारणी लागतील. मिश्री लावत असतील तर ती सोडवायला मदत करा. तोंडाच्या कर्करोगाचा धोका आहेच, शिवाय तंबाखू हाडांनाही चांगला नाही. हाडांची घनता मोजणारी डेक्सा तपासणी त्यांची एकदा करून घ्या. त्यांच्या आईला खुब्याचं फ्रॅक्चर झालं असेल, किंवा त्यांना स्वतःला साध्या पडण्याने कधी मनगट मोडलं असेल, तर ती लगेच करा आणि पाठ-कमरेच्या (थोरॅसिक-लंबर) मणक्याच्या एक्स-रेबद्दलही विचारा. उंची पूर्वीपेक्षा दोन इंच कमी भरत असेल तर मणका आतल्या आत चेपला गेलेला असू शकतो, आणि त्यावर उपचार आहेत.

तीन महिन्यांनी दोघांच्या खुर्चीच्या उठबशा, सहा मीटरची चाल आणि पोटऱ्या पुन्हा मोजा आणि आकडे घेऊन डॉक्टरांकडे जा. वजन एखादा किलो वाढलेलं दिसलं तर घाबरून परत जेवण कमी करू नका. कमरेचा घेर तोच असेल आणि पाच उठबशांचा वेळ कमी झाला असेल, तर तो किलो हवाच होता.